हुकूमनामा हातात, कबजा कुठे?

(कायदेविषयक शिबिरात दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याचा ओघ कायम ठेवून थोडे संपादन केले आहे.)



बंधूंनो आणि भगिनींनो, कोर्टात दावा कसा लावावा यावर शिबिरांतून पुष्कळ बोलले जाते. आज मला दावा जिंकल्यानंतर काय होते ते सांगायचे आहे. विषय रूक्ष वाटेल, पण इथे बसलेल्या निदान पाच-सात घरांत तो रोजच्या जेवणाइतका जवळचा आहे, हे मला ठाऊक आहे.

काही वर्षांपूर्वी एक आपा माझ्याकडे आल्या. वय साठीच्या आसपास. पिशवीतून त्यांनी एक कागद काढला आणि टेबलावर ठेवला. तो त्यांच्या वाटपाच्या दाव्याचा हुकूमनामा होता आणि त्यांनी तो लॅमिनेट करून घेतला होता. म्हणाल्या, "वकीलसाहेब, दहा वर्षं झाली हा मिळून. कपाटात जपून ठेवलाय. जमीन कधी मिळणार?"

मी विचारले, "पुढे काय केलंत?" त्यांना प्रश्नच कळला नाही. कोर्टाने हक्क दिला म्हणजे कोणीतरी सरकारी माणूस येऊन जमीन देईल, असे त्यांना वाटत होते. दहा वर्षे त्या वाट बघत होत्या. त्यांना दोष देऊ नका. त्यांना कोणी सांगितलेच नव्हते.

कोर्ट आपण होऊन कोणाच्या दारात जात नाही. हुकूमनाम्याची अंमलबजावणी हवी असेल तर त्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो. आपल्याकडच्या कोर्टांत त्याला दरखास्त म्हणतात. दावा हा अर्धा रस्ता आणि दरखास्त उरलेला अर्धा. बहुतेक लोक अर्ध्यावरच पेढे वाटतात.

हे दुखणे आजचे नाही. १८७२ साली दरभंगा राजच्या एका प्रकरणात प्रिव्ही कौन्सिलने नोंदवून ठेवले होते की हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात. दीडशे वर्षे उलटली. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल विरुद्ध राजामणी या तमिळनाडूतल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे पुन्हा तेच आले. १९८०च्या दशकातला वाद आणि कबजा अजून नाही. न्यायालयाने सगळ्या उच्च न्यायालयांना तुंबलेल्या दरखास्तींची माहिती गोळा करायला आणि त्या सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितले. ऑक्टोबर २०२५ मध्ये आकडे पुढे आले. देशात ८ लाख ८२ हजारांवर दरखास्ती प्रलंबित होत्या आणि कर्नाटकचे आकडे त्यात आलेलेच नव्हते. त्या सहा महिन्यांत ३ लाख ३८ हजारांवर निकाली निघाल्या होत्या. सगळ्यांत मोठा साठा कुठे? आपल्याकडे. मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत सुमारे ३ लाख ४१ हजार. म्हणजे देशात अडकलेल्या दर तीन दरखास्तींतली एकाहून जास्त आपल्या कोर्टांत आहे.

प्रत्येक दरखास्तीमागे जिंकलेला माणूस आहे, एवढे लक्षात ठेवा. हरलेला नव्हे.

आपांचा हिशेब

आता त्या आपांचा हिशेब मांडतो, म्हणजे कायदा कळेल. वडील वारले तेव्हा मागे आई, दोन भाऊ, दोन बहिणी. जमीन सहा एकर. मुले असताना विधवेचा वाटा एक अष्टमांश. उरलेल्यात मुलाला दोन तर मुलीला एक. सगळ्याचे अठ्ठेचाळीस वाटे केले तर आईला सहा, प्रत्येक भावाला चौदा, प्रत्येक बहिणीला सात. सहा एकर म्हणजे २४० गुंठे. त्यात एका बहिणीचे ३५ गुंठे. हा हिस्सा भावाच्या मेहरबानीने येत नाही. सूरह निसामध्ये तो ठरवून दिलेला आहे, आणि कोर्टाने तोच कागदावर आणला.

पण तो हुकूमनामा प्राथमिक होता. वाटपाच्या दाव्यात कोर्ट आधी कोणाचा वाटा किती एवढे ठरवते. कोणता तुकडा कोणाचा, विहीर कोणाकडे, रस्ता कुठून, हे नंतर ठरते. शेतसारा भरणारी जमीन असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे कागद कलेक्टरकडे जातात. तिथून तहसीलदार, मग भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी, वाटपाचा तक्ता, हरकती आणि शेवटी प्रत्यक्ष ताबा. घर किंवा प्लॉट असेल तर कोर्ट कमिशनर नेमला जातो, तो नकाशा करून अहवाल देतो आणि मग अंतिम हुकूमनामा होतो. आपांच्या प्रकरणात कागद कलेक्टरकडे पाठवा असा अर्जच कोणी दिला नव्हता. फाईल दहा वर्षे रेकॉर्ड रूममध्ये पडून होती.

एक दिलासा होता. वाटपाच्या दाव्यात पुढची कार्यवाही मागायला उशीर झाला म्हणून हक्क बुडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये शुभकरण बुबना प्रकरणात सांगितले आहे. प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर खालच्या कोर्टांनी वेगळ्या अर्जाची वाट न बघता अंतिम हुकूमनाम्यासाठी प्रकरण पुढे चालवावे, असे २०२२ मध्ये केरळच्या एका प्रकरणात बजावलेही आहे. पण कोर्टावर विसंबून राहू नका. अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या.

या दहा वर्षांत काय काय झाले होते? आई वारली होती. तिच्या अष्टमांशाचे तीस गुंठे चार मुलांत वाटले की बहिणीला आणखी पाच. म्हणजे आपांचे आता चाळीस गुंठे झाले, पूर्ण एक एकर. अंतिम वाटप होईपर्यंत कोर्ट असे बदललेले वाटे धरू शकते. मात्र मयताचे वारस रेकॉर्डवर यावे लागतात. थोरला भाऊ वारला होता, त्याची मुले रेकॉर्डवर आणावी लागली. धाकट्याने दावा चालू असतानाच रस्त्याकडेचा तुकडा विकला होता आणि घेणाऱ्याने तिथे पत्र्याची शेड टाकली होती.

अडथळे कसे येतात

कबजा मिळू नये म्हणून काय काय केले जाते, त्याची मला आता जंत्रीच झाली आहे.

पहिला प्रकार, मिळकत तिसऱ्याला विकणे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे दावा चालू असताना विकत घेणारा त्या दाव्याच्या निकालाला बांधील असतो. दरखास्तीत त्याला स्वतंत्र हरकतदार म्हणून उभे राहता येत नाही. पण आपल्याकडे या कलमाला स्थानिक दुरुस्ती आहे, तिच्यात दाव्याची नोटीस सब-रजिस्ट्रारकडे नोंदवण्याची अट येते. म्हणून दावा लावतानाच वकिलाला विचारा, लिस पेंडन्स नोंदवली का? थोडा खर्च होईल, पण पुढची दहा वर्षे वाचतील.

दुसरा प्रकार, वारंट घेऊन बेलिफ गेला की घरातून भलताच माणूस बाहेर येतो. मी भाडेकरू आहे म्हणतो, मेहुणा आहे म्हणतो, ही जागा मला तोंडी दिली आहे म्हणतो. बेलिफ अहवाल लिहून परत येतो. इथे ऑर्डर २१ चा नियम ९७ उपयोगी पडतो. हरकत घेतलेल्या तारखेपासून तीस दिवसांत दरखास्त कोर्टात अर्ज द्यायचा. त्या माणसाचा हक्क खरा की खोटा हे तेच कोर्ट ठरवते, वेगळा दावा लावायची गरज नाही. हे तीस दिवस अनेकांचे निघून जातात, कारण बेलिफचा अहवाल काय आला हे बघायला कोणी जातच नाही.

तिसरा प्रकार, अपील. लोकांना वाटते अपील दाखल झाले की सगळे थांबले. तसे नाही. वरच्या कोर्टाने स्थगिती दिली असेल तरच थांबते. नुसत्या अपिलाने दरखास्त अडत नाही.

चौथा प्रकार आपणच तयार करतो, तो म्हणजे मिळकतीचे चुकीचे वर्णन. दाव्यात जुना सर्व्हे नंबर, सातबाऱ्यावर गट नंबर, चतुःसीमेत तीस वर्षांपूर्वी मेलेल्या शेजाऱ्याचे नाव. मग जागेवर गेल्यावर बेलिफ म्हणतो, कुठली जागा? नंबर, क्षेत्र, चारी बाजू आणि शक्य असेल तर मोजणीचा नकाशा, हे सगळे दावा लावतानाच नीट करा. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये राहुल शहा विरुद्ध जिनेंद्र कुमार गांधी या प्रकरणात खालच्या कोर्टांना हेच सांगितले. मिळकतीचे वर्णन आणि तिसऱ्या कोणाचा संबंध आहे का हे सुरुवातीलाच तपासा, लागल्यास कमिशनर नेमा, पोलिसांची मदत द्या आणि दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढा, उशीर झाला तर कारणे लिहा. हा निकाल तुमच्या वकिलाला ठाऊक असेलच, तरी अर्जात त्याचा उल्लेख करायला सांगा.

वहीत लिहून घ्या

आता काही तारखा आणि मुदती सांगतो. ज्यांच्याकडे वही आहे त्यांनी लिहून घ्या.

निकाल वेगळा आणि हुकूमनामा वेगळा. निकालपत्रात कारणे असतात, हुकूमनाम्यात आदेश असतो. निकालानंतर पंधरा दिवसांत हुकूमनामा तयार व्हायला हवा. दोन्हींच्या प्रमाणित नकला काढा. लॅमिनेट करू नका, फाईलला लावा.

कबजा, पैसा, बहुतेक सगळ्या हुकूमनाम्यांच्या दरखास्तीला बारा वर्षांची मुदत आहे. काहीतरी करून द्या असा आदेश असेल, उदाहरणार्थ अतिक्रमणाची भिंत पाडून द्या, तर मुदत फक्त तीन वर्षे. कायमच्या मनाईला मुदत नाही. वाटपाचा अंतिम हुकूमनामा स्टॅम्प पेपरवर उतरवावा लागतो. स्टॅम्प उशिरा भरला म्हणून बारा वर्षे उशिरा सुरू होत नाहीत. ती हुकूमनाम्याच्या तारखेपासूनच मोजतात, हे २००५ पासून पक्के आहे. आणि हुकूमनाम्याला दोन वर्षे होऊन गेली की दरखास्तीत समोरच्याला आधी नोटीस काढावी लागते. म्हणून दोन वर्षांच्या आत दाखल केली तर एक पायरी वाचते.

साठेखताच्या दाव्यात समोरचा खरेदीखत करून देत नसेल तर कोर्ट त्याच्या वतीने करून देऊ शकते. कुलूप लावून पळाला असेल तर बेलिफला कुलूप तोडून कबजा देता येतो. मनाई मोडली तर मिळकत जप्त करता येते, दिवाणी तुरुंगातही पाठवता येते. कायद्याच्या हातात काही नाही, असे समजू नका.

कोर्टाबाहेर मिटले तर मिटवा, चांगलेच आहे. पण मिटल्याचे कोर्टात नोंदवा. मशिदीच्या ओट्यावर चार माणसांत पैसे दिले-घेतले आणि कोर्टात नोंद केली नाही, तर दरखास्त कोर्ट ते मानत नाही. देणाऱ्याने हे तीस दिवसांत नोंदवून घ्यावे. आणि बहिणींनो, पैसे हातात पडल्याशिवाय आणि कागद वाचून घेतल्याशिवाय कशावरही सही करू नका. लोक अदालतीत तडजोड झाली तर तिला हुकूमनाम्याचेच बळ असते. ती पाळली नाही तर तिचीही दरखास्त लावता येते.

वकिलाची फी परवडत नाही म्हणून थांबू नका. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यात प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. तालुका कोर्टाच्या आवारातच विधी सेवा समितीचे कार्यालय असते. तिथे जाऊन सांगा, मला दरखास्तीसाठी वकील हवा.

मोहल्ल्याचे काम

आता ज्यासाठी मी खरे म्हणजे इथे आलो, ते बोलतो.

आपांच्या प्रकरणात अखेर वाटपाचा तक्ता झाला. विकलेला तुकडा धाकट्या भावाच्या वाट्यात धरला आणि आपांना विहिरीच्या बाजूचा एक एकर आला. ताब्याची तारीख पडली. त्या दिवशी मंडळ अधिकारी आले, भूमापक आले, पोलीस आले. पंचनाम्याला दोन पंच हवे होते. मोहल्ल्यात निरोप पाठवला. एकही माणूस आला नाही. ज्यांच्या घरी आपांनी बाळंतपणात रात्री जागवल्या, त्या घरांतूनही कोणी आले नाही. एकाने निरोप दिला, घरचं भांडण आहे, आम्ही मध्ये पडत नाही. दुसरा म्हणाला, बहिणीने भावाला कोर्टात नेलं, आम्ही तिच्या बाजूने सही कशी करायची?

शेवटी शेजारच्या शेतातले दोन शेतकरी हातातले खुरपे बाजूला ठेवून आले आणि पंच झाले. त्यांनी सह्या केल्या, पाणी प्यायले आणि कामाला गेले. आपा बांधावर बसून होत्या. मला म्हणाल्या, "जमीन मिळाली हो, पण गाव गेलं."

मला हे वाक्य विसरता येत नाही.

मध्ये पडत नाही, असे आपण म्हणतो तेव्हा आपण मध्येच उभे असतो. ज्याच्याकडे कबजा आहे त्याला काही करायचे नसते, त्याला फक्त वेळ हवा असतो. आपण गप्प बसतो तेव्हा आपण त्याला तो वेळ देतो. अल्लाहने ठरवलेला वाटा भाऊ देत नाही तेव्हा आपण गप्प. कोर्टाने तोच वाटा दिला तरी गप्प. आणि बहिणीने दरखास्त लावली की मात्र आपल्याला तोंड फुटते, माहेर तोडलं म्हणून. माहेर कोणी तोडलं? हिस्सा मागणारीने की दाबून ठेवणाऱ्याने?

दुसऱ्याची वीतभर जमीन बळकावणाऱ्याला कियामतच्या दिवशी काय भोगावे लागेल, ती हदीस आपण जुम्याच्या खुतब्यात ऐकतो आणि मान डोलावतो. ती हदीस बांध कोरणाऱ्या शेजाऱ्यासाठी आहे असे आपण समजतो. सख्ख्या बहिणीच्या चाळीस गुंठ्यांना ती लागू नाही का? हजरत उमर (रजि.) यांनी अबू मूसा अशअरी (रजि.) यांना न्यायदानाबद्दल लिहिलेले एक प्रसिद्ध पत्र सांगितले जाते. त्यात एक गोष्ट अशी आहे की ज्या हक्काची अंमलबजावणी होत नाही तो बोलून दाखवण्यात काही फायदा नाही. बघा, काझीला न्याय कसा द्यावा हे सांगताना त्यांनी अंमलबजावणीची आठवण करून दिली. प्रिव्ही कौन्सिलच्या किती शतके आधी!

म्हणून माझी तीन मागणी आहेत, आणि तिन्ही आपल्या हातातल्या.

जे भाऊ हरले आहेत त्यांनी दरखास्तीची वाट बघू नये. अपील करायचे असेल तर करा, तो तुमचा अधिकार आहे. पण अपील संपले असेल तर बहिणीला बोलवा, मोजणी आणा, हद्द लावून द्या आणि कोर्टात पूर्तता नोंदवा. बेलिफ दारात येईपर्यंत थांबण्यात कसली इज्जत आहे?

जमातीच्या जबाबदार मंडळींनी हुकूमनामा झाल्यानंतर समजुतीच्या नावाखाली बहिणीला हक्कसोड करायला बसवू नये. समजूत घालायची तर ती कबजा असणाऱ्याची घाला. आणि तडजोड करायची तर कोर्टाने दिलेला वाटा हा तिचा पाया धरा. तो कमी करण्यापासून सुरुवात करू नका.

आणि तुम्ही सगळ्यांनी पंच व्हावे. ही मागणी फार छोटी आहे. पंचाला कोणाची बाजू घ्यायची नसते. समोर जे घडले ते खरे लिहिले आहे एवढीच सही करायची असते. कबजाच्या दिवशी मोहल्ल्यातले चार प्रतिष्ठित लोक नुसते तिथे उभे असले तरी खोटा हरकतदार बाहेर येत नाही. मी हे डोळ्यांनी पाहिले आहे. काठीची गरज पडत नाही, पोलिसांचीही पडत नाही. लाज पुरते.

त्या आपांनी त्या वर्षी हरभरा पेरला. पहिला घाटा सोलून मला आणून दिला. धाकट्या भावाच्या घरीही एक गाठोडे पाठवले होते, असे नंतर कळले. त्याने ते घेतले की परत केले हे मी विचारले नाही.

आज घरी गेल्यावर एवढेच करा. आपल्या गल्लीत कोणाच्या कपाटात असा कागद पडला आहे का, ते विचारा. असेल तर त्यांना कोर्टात घेऊन जा. आणि कबजाची तारीख पडेल त्या दिवशी कामावरून सुट्टी घ्या.